विमानाचे वजन नेमके कशाचे?

रौप्यमहोत्सवी स्मरणिकेसाठी लेख द्या, असे संपादक मंडळाने सांगितले तेव्हा मी विचारले, "कशावर?" उत्तर आले, "सोसायटीवर सगळेच लिहिणार आहेत. तुम्ही आपले विमानांवर लिहा!" माझी नोकरीची बरीच वर्षे विमानतळावर लोडशीट तयार करण्यात गेली. लोडशीट म्हणजे उड्डाणापूर्वी केलेला विमानाच्या वजनाचा हिशेब. कॅप्टनने तो मान्य केल्याशिवाय विमान जागचे हलत नाही. त्यामुळे गच्चीवरून विमान जाताना इतरांना त्याचा रंग, त्याचे नाव दिसते; मला आधी त्याचे वजन दिसते.

बिल्डिंगमधल्या मुलांचा प्रश्न ठरलेला असतो. "काका, एवढं जड विमान उडतं कसं?" उडते कसे, हे शाळेच्या पुस्तकात सापडेल. मला त्यापेक्षा दुसऱ्या प्रश्नात जास्त गंमत वाटते. विमान मुळात एवढे जड झाले कसे? आणि त्या वजनात आपण माणसे किती? या प्रश्नाचे उत्तर इतिहासात आहे, आणि त्या इतिहासाचा थोडा भाग आपल्या मुंबईत घडलेला आहे.

एका बॅगेएवढे टपाल

राइट बंधूंनी १७ डिसेंबर १९०३ रोजी जे विमान उडवले त्याचे वजन चालकासकट सुमारे ३४० किलो होते. म्हणजे लग्नात भाड्याने आणतो त्या बुलेटवर दोघे धष्टपुष्ट गृहस्थ बसले, तर जेवढे होईल साधारण तेवढेच.

त्यानंतर २९ वर्षांनी, १५ ऑक्टोबर १९३२ रोजी, जे. आर. डी. टाटा कराचीहून अहमदाबादमार्गे जुहूच्या मैदानावर उतरले. विमान होते पुस मॉथ, एका इंजिनाचे. पूर्ण भरून त्याचे वजन एक टनही भरत नसे. आजची एखादी छोटी मोटार याच वजनाची असते. त्यात टपाल होते सुमारे २५ किलो. आज अमेरिकेला जाताना आपण चेक-इन करतो त्या एका बॅगेएवढे! भारतातली नियमित विमानसेवा सुरू झाली ती या एका बॅगेच्या वजनावर.

विमान हलके, म्हणून त्याला जमीनही साधी चालायची. जुहूची धावपट्टी म्हणजे समुद्राकाठचे मैदान. पावसाळ्यात ते निकामी व्हायचे आणि सगळा मुक्काम पुण्याला हलवावा लागायचा. पण उरलेले आठ महिने कोरड्या मातीवर काम भागत असे. पुढे विमानांचे वजन वाढत गेले तसे मातीचे दिवस संपले.

वजन किती वेगाने वाढले बघा. १९३५ साली पहिल्यांदा उडालेले डीसी-३, म्हणजे आपल्या जुन्या मंडळींच्या ओळखीचे डाकोटा, भरल्यावर साधारण ११-१२ टनांचे होते आणि २०-२५ माणसे नेत असे. ८ जून १९४८ रोजी एअर इंडिया इंटरनॅशनलचे 'मलबार प्रिन्सेस' हे कॉन्स्टेलेशन विमान मुंबईहून कैरो, जिनिव्हा करत लंडनला गेले. त्या जातीच्या विमानाचे उड्डाणाच्या वेळचे कमाल वजन ४६ टनांच्या पुढे होते. १९६० साली एअर इंडियाकडे बोइंग ७०७ जेट आले, ते १४० टनांच्या आसपास. १९७१ साली 'एम्परर अशोक' हे पहिले जम्बो मुंबईत उतरले. हे बोइंग ७४७ जातीचे विमान ३३० टनांच्या पुढचे.

पुस मॉथ ते जम्बो, एक टन ते सव्वातीनशे टन, आणि मध्ये गेली अवघी ३९ वर्षे. ज्या माणसाने जुहूला पुस मॉथ उतरवले होते तोच माणूस जम्बो आले तेव्हा एअर इंडियाचा अध्यक्ष होता.

पाण्याच्या टाकीचे गणित

आता कोणी म्हणेल, विमान मोठे केले की वजन वाढणारच, त्यात काय विशेष? विशेष आहे. ते समजायला आपल्या गच्चीवरची पाण्याची टाकी पुरे.

समजा, टाकीची लांबी, रुंदी आणि उंची तिन्ही दुप्पट केली. प्लास्टर किती लागेल? चौपट. पाणी किती मावेल? आठपट. म्हणजे बाहेरचा पृष्ठभाग चौपट वाढतो, पण आतला भार आठपट. विमानाचेही तसेच. सगळी मापे दुप्पट केली तर पंखांचे क्षेत्रफळ चौपट होते, वजन मात्र आठपटीच्या दिशेने धावते. पंख मागे पडतात आणि भार पुढे जातो.

डाकोटा आणि ७०७ शेजारी ठेवून बघू. वजन झाले सुमारे १२ पट, पण पंखांचे क्षेत्रफळ वाढले फक्त तिप्पट. डाकोटाच्या पंखाच्या दर चौरस मीटरवर सव्वाशे किलोचा भार, तर ७०७ च्या पंखावर पाचशे किलोंहून जास्त. हा चौपट भार उचलायचा तर हवा पंखावरून जास्त जोरात वाहिली पाहिजे, म्हणजे विमान जमीन सोडण्याआधीच जास्त वेगात असले पाहिजे. त्यासाठी धावायला लांब जागा हवी. शिवाय धावपट्टी काँक्रीटची किंवा जाड डांबरी हवी, आणि चाकेही जास्त हवीत. डाकोटाला पंखांखाली दोन मोठी चाके पुरत. जम्बोला एकूण १८ लागली. आजही हिशेब केला तर मोठ्या विमानाच्या एकेका चाकावर सरासरी २२ ते २६ टन भार येतो. विमान जड होते तशी चाके वाढवत जायची, कारण एका चाकाखालच्या जमिनीची सोसण्याची ताकद ठरलेली आहे.

या गणिताचा प्रत्यय मुंबईकरांना दोनदा आला, आणि दोन्ही वेळा जुहूलाच. तोवर मोठी विमाने सांताक्रूझला उतरू लागली होती, पण वरून दोन्ही विमानतळ जवळजवळ दिसत. जुलै १९५३ मध्ये ब्रिटिश कंपनीचे एक कॉमेट जेट सांताक्रूझ समजून जुहूच्या आखूड धावपट्टीवर उतरले. उतरले ते सुखरूप. प्रश्न होता परत उडण्याचा. शेवटी विमान शक्य तितके हलके केले आणि काही दिवसांनी ते त्याच आखूड धावपट्टीवरून उडाले. धावपट्टी लांब करणे हातात नव्हते, वजन कमी करणे हातात होते. २४ सप्टेंबर १९७२ रोजी जपान एअरलाइन्सचे डीसी-८ याच चुकीने जुहूला उतरले. ते ७०७ च्याच वजनगटातले विमान. धावपट्टी संपली तरी ते थांबले नाही. सुदैवाने प्राणहानी झाली नाही, पण ते विमान पुन्हा कधी उडाले नाही.

जम्बोच्या पंखाला काँक्रीटचे ठोकळे

मोठे विमान बनवणाऱ्यांनाही वजन किती छळते, हे ७४७ च्या जन्मकथेत दिसते. एप्रिल १९६६ मध्ये पॅन अॅम कंपनीने बोइंगला २५ विमानांची ऑर्डर दिली. पॅन अॅमचे प्रमुख ह्वान ट्रिप आणि बोइंगचे मुख्य अभियंता जो सटर, ही दोन नावे या विमानाशी कायमची जोडलेली आहेत. आराखडा पुढे सरकत गेला तसतसे विमान जड होत गेले. कुठे जिना, कुठे जादा दार, कुठे मजबुतीसाठी जाड पत्रा. एकेक गोष्ट किरकोळ, पण बेरीज टनांची. घराचे रिनोव्हेशन काढलेल्यांना हे वेगळे सांगायला नको!

विमान जड झाले म्हणून इंजिनाकडून जास्त जोर मागितला. इंजिन नवे होते, जास्त जोर दिला की ते कुरकुरायचे. इंजिने वेळेवर मिळेनात. एव्हरेट इथल्या कारखान्याबाहेर वीसेक नवी कोरी विमाने इंजिनांविना उभी राहिली. त्यांच्या पंखांखाली इंजिनांच्या जागी काँक्रीटचे ठोकळे टांगून ठेवले होते. का? तर विमानाचा तोल इंजिनांचे वजन धरूनच आखलेला असतो.

हीच गोष्ट लोडशीटवाल्यांना रोज सांभाळावी लागते. एकूण वजन बरोबर असून भागत नाही, ते कुठे ठेवले हेही बरोबर असावे लागते. पुढच्या भागात किती बॅगा, मागच्या भागात किती, हे ठरवूनच सामान चढवतात. विमान अर्धे रिकामे असताना हवाईसुंदरी काही जणांना जागा बदलू देत नाही, त्यामागे पुष्कळदा हेच कारण असते.

मग माणसे किती?

आता मुख्य प्रश्नाकडे येऊ. आपल्यापैकी बऱ्याच जणांची मुले अमेरिकेत आहेत, त्यामुळे मुंबईहून न्यूयॉर्कला थेट जाणारे बोइंग ७७७-३००ईआर घेऊ. उड्डाणाच्या वेळी त्याचे वजन जास्तीत जास्त ३५१ टन असू शकते. आपल्या लांब पल्ल्याच्या गाड्या ओढणारे डब्ल्यूएपी-७ इंजिन १२३ टनांचे असते. तशी जवळजवळ तीन रेल्वे इंजिने आकाशात चाललीत असे समजा.

हिशेब असा. रिकामे विमान सुमारे १६८ टन. त्यात सोयीसाठी ३५० प्रवासी धरू. हातसामानासकट माणशी ८५ किलो, म्हणजे ३० टनांना जरा कमी. प्रत्येकाच्या २३-२३ किलोंच्या दोन बॅगा, त्यात चकली आणि गोडा मसाला आलाच, त्यांचे झाले १६ टन. माणसे आणि बॅगा मिळून ४६ टन. उरलेली १३६-१३७ टनांची जागा इंधनाला.

म्हणजे ज्यांच्यासाठी हा सगळा खटाटोप, ते आपण आणि आपले सामान वजनाचा जेमतेम आठवा हिस्सा! सगळ्यात मोठा वाटा खुद्द विमानाचा, त्याखालोखाल इंधनाचा. इंधनाच्या टाक्या काठोकाठ भरल्या तर १,८१,००० लिटर मावतात. मे महिन्यात आपण दहा हजार लिटरचे टँकर मागवतो ना, तसे अठरा टँकर. आणि हे इंधन बहुतेक पंखांत असते. ते पंख एरवी उड्डाणात वर वाकू पाहतात, इंधनाचे वजन त्यांना खाली दाबून धरते. म्हणून अभियंते इंधनाला ओझे मानतात, तसेच आधारही मानतात.

पण इंधनाची एक खोड आहे. ते वाहून न्यायलाही इंधनच लागते. आमच्याकडचा ढोबळ नियम असा की, जादा वजनाच्या तीन-चार टक्के इंधन दर तासाला जळते. पंधरा तासांच्या प्रवासात एक टन जादा नेला तर चारशे किलोंच्या आसपास इंधन त्या एका टनापायीच संपते. म्हणून अंतर वाढले की इंधन वाढते आणि माणसे कमी करावी लागतात. सिंगापूरहून न्यूयॉर्कला थेट जाणाऱ्या एअरबस ए-३५० च्या खास आवृत्तीत फक्त १६१ आसने आहेत. त्याच विमानाच्या साध्या आवृत्तीत तीनशेवर माणसे बसतात. कॉन्कॉर्डचे तर विचारूच नका. १८५ टनांचे विमान, त्यात ९५ टन इंधन आणि प्रवासी शंभर!

'मलबार प्रिन्सेस'ला कैरोला आणि जिनिव्हाला थांबावे लागत होते. आज थांबावे लागत नाही. ते वाचलेले थांबे आपण इंधनाच्या वजनात मोजत असतो.

आणखी एक गोष्ट. ३५१ टनांनी उडालेले हे ७७७ उतरताना २५१ टनांपेक्षा जास्त असू नये अशी मर्यादा आहे. उतरताना बसणारा धक्का जास्त असतो. रोजच्या प्रवासात वाटेत शंभर टनांहून जास्त इंधन जळते, त्यामुळे प्रश्न येत नाही. पण उडाल्याबरोबर परतायची वेळ आली तर विमान समुद्रावर चकरा मारते, हवेत इंधन सोडते आणि मग उतरते. अशा वेळी आत बसलेले नातेवाईक घाबरून फोन करतात. त्यांना सांगावे की, विमान हलके होण्याची वाट बघतेय.

किलो की पौंड?

हा हिशेब चुकला तर काय होते? दोन उदाहरणे सांगतो, दोन्ही गाजलेली.

२३ जुलै १९८३. एअर कॅनडाचे नवे बोइंग ७६७. कॅनडा तेव्हा पौंडांकडून किलोंकडे जात होता आणि हे विमान किलोवाले होते. इंधन दाखवणारे यंत्र बंद होते, म्हणून टाकीतले इंधन लिटरमध्ये हाताने मोजून त्याचे वजन काढले. एका लिटरचे वजन सुमारे ०.८ किलो असते. हिशेबात आकडा वापरला गेला १.७७, जो लिटरमागे पौंडांचा आहे. हवे होते २२,३०० किलो, भरले गेले २२,३०० पौंड, म्हणजे निम्म्याहूनही कमी. ४१,००० फुटांवर इंधन संपत आले आणि एकामागून एक दोन्ही इंजिने बंद पडली. कॅप्टन बॉब पीअरसन यांना ग्लायडर उडवण्याचा छंद होता. तो त्या दिवशी कामी आला. त्यांनी एवढे मोठे विमान तरंगत नेऊन गिमली इथल्या हवाई दलाच्या जुन्या धावपट्टीवर उतरवले. तिथे त्या दिवशी मोटारींच्या शर्यतींसाठी लोक कुटुंबासह जमले होते. विमानातले ६९ जण आणि खालचे सगळे वाचले.

दुसरे २० मार्च २००९ चे. मेलबर्नहून रात्री दुबईला निघालेले एअरबस ए-३४०. विमानाचे वजन होते ३६२ टन. संगणकात भरताना पडले २६२. एकाच आकड्याची चूक, पण तो आकडा शंभर टनांचा! संगणकाने बिचाऱ्याने हलक्या विमानाला पुरेल एवढाच जोर आणि तेवढाच वेग सांगितला. विमान उठेना. शेपटी धावपट्टीवर घासली, धावपट्टी संपली, पलीकडचे दिवे आणि उपकरणे यांना धडकत ते कसेबसे वर गेले. मग समुद्रावर इंधन सोडून परत आले. आत २७५ माणसे होती. कोणालाही इजा झाली नाही.

या दोन घटनांनंतर जगभर हिशेबाच्या पद्धती कडक होत गेल्या. एकाने भरलेला आकडा दुसऱ्याने स्वतंत्रपणे तपासायचा, असा आग्रह वाढला. आपल्या सोसायटीत खजिनदाराचे हिशेब ऑडिटर पुन्हा तपासतो आणि कोणी त्याचा राग मानत नाही, तसेच हे. तिथे फक्त चूक सुधारायला पुढची सर्वसाधारण सभा नसते.

सगळ्यात जड विमानाचे काय झाले?

आपली सोसायटी उभी राहिली त्यानंतरच्या पंचवीस वर्षांतच या इतिहासाला वळण मिळाले. २७ एप्रिल २००५ रोजी एअरबस ए-३८० पहिल्यांदा उडाले. दोन पूर्ण मजले, २२ चाके, ३,२०,००० लिटर इंधनाची जागा आणि कमाल वजन ५७५ टनांपर्यंत. इतके जड प्रवासी विमान जगात दुसरे झाले नाही. २०१४ साली ते मुंबईत येऊ लागले तेव्हा आपल्यापैकी कित्येक जण मुद्दाम बघायला गेले होते.

पण ते फार चालले नाही. पुढेमागे आणखी लांब आवृत्ती काढायची म्हणून त्याचे पंख आधीच मोठे आणि जड केले होते. ती आवृत्ती निघालीच नाही. इंजिने चार. शिवाय एवढी पाचशे माणसे रोज एकाच वेळी मिळायला हवीत. दरम्यान बोइंगचे ७८७ आले. २०१२ पासून ते एअर इंडियाकडेही आहे. त्याच्या वजनातला निम्मा भाग अॅल्युमिनियमऐवजी कार्बन फायबरच्या मिश्रणाचा, इंजिने दोनच, आणि मोठ्या आवृत्तीचेही वजन २५४ टनांच्या आसपास. ए-३८० च्या निम्म्याहून कमी. तरी तितक्याच लांब जाणारे. डिसेंबर २०२१ मध्ये शेवटचे ए-३८० कारखान्याबाहेर गेले. जानेवारी २०२३ मध्ये शेवटचे ७४७ गेले, तेही माल वाहणारे. सत्तर वर्षे वजन चढत गेले आणि आता ते उतरू लागले आहे.

मुलांना मी एवढेच सांगतो की, विमान मोठे करणे तुलनेने सोपे असते. तेवढेच काम कमी वजनात करून दाखवणे अवघड. पुस मॉथच्या काळापासून चांगले अभियंते याच कामाला लागलेले आहेत.

आणि मोठ्यांना एक विनंती. पुढच्या वेळी काउंटरवरची मुलगी "काका, बॅग दोन किलो जास्त आहे" म्हणाली तर तिच्यावर चिडू नका. नियम आणि पैसे आहेतच, पण तिने लिहिलेला आकडा थोड्या वेळाने लोडशीटवर जाणार असतो, आणि लोडशीटवर विसंबून कॅप्टन साडेतीनशे माणसांना घेऊन धावपट्टीवर उभा राहणार असतो. चकलीचा डबा हवा तर हातात घ्या. फक्त तो वजनात धरला आहे ना, तेवढे बघा.